राजाच्या वहीत १४ जुलैला 'काही नाही' : वाचकांचे प्रश्न

गेल्या महिन्यात मी फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळातल्या खासगी डायऱ्यांबद्दल लिहिलं होतं, की ह्यातल्या कितीतरी वह्या शंभर-दोनशे वर्षांनी छापल्या गेल्या आणि त्यांच्यामुळे क्रांतीकडे बघायची नजर बदलत गेली. त्यावर बरीच पत्रं आली. त्यातले चार प्रश्न इथे घेतेय.

प्रश्न : ताई, मी अकरावीत आहे. आमच्या सरांनी सांगितलं की १४ जुलै १७८९ ला बॅस्टिल, म्हणजे पॅरिसचा किल्लेवजा तुरुंग, लोकांच्या हल्ल्यात पडलं आणि त्याच दिवशी सोळाव्या लुईने डायरीत नुसतं 'काही नाही' असं लिहिलं, म्हणजे देशात काय चाललंय ह्याचा त्याला पत्ताच नव्हता. हे खरंय का? आणि खरं असेल तर असल्या डायरीचा इतिहासकारांना उपयोग तरी काय?

उत्तर : तसं लिहिलंय हे अगदी खरं आहे, वही आजही फ्रान्सच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहे. पण त्यावरून राजाला पत्ता नव्हता असं मात्र म्हणता येत नाही. आधी ती वही कशासाठी होती ते बघ. लुई अकरा वर्षांचा होता तेव्हा, १७६६ ला, त्यानं ती सुरू केली आणि १७९२ च्या जुलैपर्यंत चालू ठेवली, आणि तिच्यात असतं काय तर आज कुठे शिकार, किती जनावरं मारली, कुठला समारंभ, कधी आजारपण, बस्स. ज्या दिवशी ह्यातलं काहीच नाही त्या दिवशी 'काही नाही'. १४ जुलैला तो शिकारीला गेला नव्हता, एवढाच त्या नोंदीचा अर्थ. शिवाय बॅस्टिल पडलं संध्याकाळी पाचच्या सुमाराला आणि राजा होता व्हर्सायच्या राजवाड्यात, वीसेक किलोमीटर लांब, बातमी येणार ती घोड्यावरून.

खरी बघण्यासारखी आहेत ती आजूबाजूची पानं, जी कोणी सांगतच नाही. ११ जुलैला 'काही नाही' आणि त्याच्यापुढे 'नेकेर गेले' एवढीच भर. आता हे नेकेर म्हणजे अर्थमंत्री, लोकांचे लाडके, आणि ते आपणहून गेले नव्हते, लुईनंच त्यांना काढलं होतं, आणि ती बातमी पॅरिसला पोचल्यावर दुसऱ्या दिवशी शहर पेटलं. म्हणजे बॅस्टिलची ठिणगी राजाच्या वहीत आहे, पण ती अशी की जणू एखादा पाहुणा निघून गेला. १५ ला प्रतिनिधींच्या सभागृहात गेल्याची आणि पायी परत आल्याची नोंद आहे, १७ ला पॅरिसच्या नगरभवनात गेल्याची. तेव्हा त्याला कळलेलं होतं, सगळं कळलेलं होतं, पण वहीचा साचा तसूभरही हलला नाही.

मला स्वतःला सगळ्यात जास्त ५ ऑक्टोबर १७८९ ची नोंद अस्वस्थ करते. त्या दिवशी पॅरिसहून हजारो बायका भाकरीसाठी पावसात चिखलात चालत व्हर्सायला निघाल्या होत्या. राजा शिकारीवर. त्याची नोंद अशी की शातियोंच्या दरवाज्यापाशी शिकार केली, ८१ मारले, घटनांमुळे मधेच थांबावं लागलं, जाताना येताना घोड्यावरून. झालं. दुसऱ्या दिवशी सगळ्या राजघराण्याला त्या गर्दीबरोबर पॅरिसला जावं लागलं आणि ते परत कधीच व्हर्सायला राहायला आले नाहीत. त्या दिवसाच्या नोंदीत काय, तर दुपारी साडेबाराला निघालो, नगरभवनाला भेट, तुइलरीला (पॅरिसमधला राजवाडा) जेवलो झोपलो. आणि जून १७९१ मध्ये तो वेषांतर करून कुटुंबासकट पळाला तेव्हाही, मध्यरात्री पॅरिसहून निघालो, रात्री अकराला वारेनला (सरहद्दीच्या वाटेवरचं गाव) पोचलो आणि अटक झाली. शिकारीची नोंद ज्या सुरात त्याच सुरात अटकेची.

आता ह्यातून काय कळतं? पूर्वी लुईची दोनच चित्रं रंगवली जायची, एक जुलमी राजा आणि दुसरं बिचारा भोळा, ज्याला काही उमगत नव्हतं. वही दोन्हीला दाद देत नाही. पळून जाताना ह्याच माणसानं स्वतःच्या हातानं एक लांबलचक जाहीरनामा लिहून मागे ठेवला होता, नवीन राज्यघटनेवर, आपल्या अधिकारांवर, आपल्याला मिळालेल्या वागणुकीवर सगळ्या तक्रारी त्यात होत्या. म्हणजे डोक्यात विचार भरपूर होते, फक्त ते ह्या वहीत उतरत नव्हते, कारण ही वही विचारांसाठी नव्हतीच. दरबाराच्या वेळापत्रकात वाढलेला माणूस दिवस कसा मोजतो ते ह्या वहीत दिसतं, आणि क्रांती त्या वेळापत्रकाला नुसता अडथळा म्हणून येते. हे समजणं मला राजाला मूर्ख म्हणण्यापेक्षा फार मोलाचं वाटतं.

असंच रशियाच्या झारचं. दुसऱ्या निकोलसनं आयुष्यभर डायरी लिहिली, हवा कशी होती, किती चाललो, चहाला कोण होतं. २ मार्च १९१७ ला (जुन्या रशियन कॅलेंडरप्रमाणे) त्यानं गादी सोडली आणि त्या रात्री मात्र एक वाक्य वेगळं आलं, सगळीकडे गद्दारी, भ्याडपणा आणि फसवणूक. दुसऱ्या दिवशी लगेच लिहितो की खूप वेळ गाढ झोपलो आणि ज्युलियस सीझरवर बरंच वाचलं. त्या एका वाक्यावरून कळतं की त्याच्या लेखी रशियात क्रांती झालीच नव्हती, त्याच्याच माणसांनी त्याला दगा दिला होता. भुकेच्या रांगा, राजधानी पेट्रोग्राडचे संप, आघाडीवर मेलेले सैनिक, ह्यातलं त्या वाक्यात काहीच नाही.

तुझ्या सरांना वाईट वाटू देऊ नकोस, ही गोष्ट फार ठिकाणी अशीच सांगितली जाते. पण पुढच्या वेळी वर्गात ११ जुलैची नोंद सांग.

प्रश्न : मी निवृत्त शिक्षक आहे, तीस वर्षं इतिहास शिकवला. राजाची डायरी ठीक आहे, पण कुणा सामान्य माणसाची वही सापडली म्हणून क्रांतीचा अर्थ बदलतो हे मला पटत नाही. क्रांतीची कारणं आर्थिक असतात, कर, भाकरीचे भाव, वर्गसंघर्ष. एका माणसाच्या कागदांनी त्यात काय फरक पडणार?

उत्तर : सर, कारणांबद्दल तुमच्याशी वाद नाही. १७८८ ची गारपीट, बुडालेलं पीक, रिकामा खजिना, जुलै १७८९ ला कळसाला पोचलेला भाकरीचा भाव, ह्यातली एकही गोष्ट कुठल्या डायरीनं खोटी पडत नाही. पण एका माणसाच्या कागदांनी फरक पडत नाही हे तुमचं म्हणणं मात्र क्रांती चालू असतानाच चुकीचं ठरलंय. मिराबो १७९१ च्या एप्रिलमध्ये वारला तेव्हा तो क्रांतीचा हीरो होता, पाँतेऑनमध्ये, म्हणजे देशातल्या थोरांसाठीच्या पॅरिसमधल्या स्मारकात, मानानं दफन झालेला पहिला माणूस. मग नोव्हेंबर १७९२ मध्ये गामँ नावाच्या कुलूपवाल्यानं मंत्री रोलाँला जाऊन सांगितलं की तुइलरी राजवाड्याच्या भिंतीत राजासाठी मी एक लोखंडी कपाट बसवलंय. ते फोडलं. आतल्या पत्रव्यवहारातून निघालं की मिराबो राजाकडून पैसे घेऊन त्याला गुपचूप सल्ले देत होता. राजावरच्या खटल्यात हे कागद वापरले गेले, २१ जानेवारी १७९३ ला त्याचा शिरच्छेद झाला, आणि १७९४ ला मिराबोचे अवशेष पाँतेऑनमधून बाहेर काढून तिथे मारा ह्या क्रांतिकारक पत्रकाराचे अवशेष आणले. ही डायरी नव्हती, पत्रं होती, मान्य. पण खासगी कागदांची ताकद एवढी असते.

आता सामान्य माणसांच्या वह्यांकडे येते, कारण माझा खरा जीव तिथे आहे.

आर्थिक कारणं आपल्याला सांगतात की स्फोट का झाला. पण मे १७८९ मध्ये जी माणसं राजानं बोलावलेल्या सभेसाठी प्रतिनिधी म्हणून त्याचा जयजयकार करत व्हर्सायला आली, हातात सुधारणांच्या याद्या, मनात राजाबद्दल निष्ठा, बहुतेक वकील नाहीतर सरकारी अधिकारी, त्यांनी तीन-सव्वातीन वर्षांत राजेशाहीच कशी काय मोडीत निघू दिली? टिमथी टॅकेट नावाच्या इतिहासकारानं १९९६ मध्ये ह्याच प्रश्नावर मोठं काम छापलं आणि त्यासाठी त्यानं प्रतिनिधींनी घरी पाठवलेली पत्रं आणि त्यांच्या डायऱ्या शेकड्यानं वाचल्या. त्याला दिसलं ते असं की ही माणसं क्रांतिकारक म्हणून आलीच नव्हती. ती तिथे झाली. उमरावांनी अडवलं, सरकारनं सैन्य गोळा केलं, पॅरिस उठलं, आणि दर आठवड्याला त्यांची भाषा बदलत गेली. ४ ऑगस्टच्या रात्री सरंजामी हक्क एकामागून एक रद्द होत गेले त्याचं वर्णन करताना ही माणसं स्वतःच चकित झालेली दिसतात, की आपण हे काय करून बसलो, कालपर्यंत हे मनातही नव्हतं. सर, हे वर्गसंघर्षाच्या चौकटीत बसवा किंवा बसवू नका, पण त्यांच्या मनात आधीपासून आखलेला प्लॅन होता असं ह्यापुढे म्हणता येत नाही.

डायरीचं बळ माझ्या मते इथेच आहे. लिहिणाऱ्याला पुढचं पान माहीत नसतं. आपल्याला माहीत असतं की १७८९ नंतर १७९३ येणार, दहशत येणार (संशयितांना सरसकट मारलं गेलं तो काळ), तिचा पुढारी रोबेस्पिएर जाणार, नेपोलियन येणार, म्हणून आपण सगळं एका सरळ रेषेत बघतो, आणि आठवणी लिहिणारे म्हातारपणी तशीच रेषा ओढतात. डायरीवाल्याला उद्याचं काही दिसत नाही, म्हणून तो चुकीचे अंदाज करतो, उगाच घाबरतो, उगाच निश्चिंत राहतो, आणि ते सगळं त्या काळाचा खरा भाग आहे.

ल्युसील देमुलाँचं उदाहरण घ्या. क्रांतिकारक पत्रकार कामी देमुलाँची बायको, वय बावीस, १७९२ मध्ये जेमतेम महिन्याचं बाळ. ९ ऑगस्टला, म्हणजे तुइलरी राजवाड्यावर हल्ला व्हायच्या आदल्या दिवशी, तिनं जे लिहिलंय त्यात घटना नाहीतच, माझं काय होणार, कामी तुझं काय होणार, श्वास घ्यायचीसुद्धा ताकद नाही, हीच ती रात्र, असं तुटक तुटक. मग काही महिन्यांनी तिनं त्याच रात्रीबद्दल पुन्हा लिहिलं, ह्या वेळी सविस्तर. कामीचा मित्र आणि क्रांतीतला पुढारी दाँतों, त्याच्या घरी सगळे जमलेत, दाँतोंची बायको रडतेय आणि ल्युसील वेड्यासारखी हसतेय. कामी बंदूक घेऊन आत येतो तेव्हा ती कोपऱ्यात जाऊन दोन्ही हातांनी तोंड झाकून रडायला लागते. दाँतों मधेच आडवा होतो, लोक त्याला सारखे बोलवायला येतात, शेवटी तो निघून जातो. आणि धोक्याची घंटा वाजायला लागते ती थांबतच नाही, ही बाई खिडकीपाशी गुडघ्यावर बसून रुमालात तोंड लपवून ऐकतेय. पाठ्यपुस्तकात १० ऑगस्ट म्हणजे जनतेचा उठाव, राजेशाहीचा शेवट, जिंकलेला दिवस. ज्यांनी तो घडवून आणला त्यांच्याच घरात रात्रभर कुणाला माहीत नव्हतं की उद्या आपण जिंकणार की फासावर जाणार. एकाच बाईनं एकाच रात्रीबद्दल दोनदा लिहिलेलं आपल्या हातात आहे, एकदा शेवट माहीत नसताना आणि एकदा माहीत झाल्यावर, ह्याहून मोठं नशीब इतिहासकाराचं काय असणार. तिची वही पूर्ण स्वरूपात छापली गेली ती १९९५ ला. एप्रिल १७९४ मध्ये आधी कामी आणि दाँतों आणि आठवड्याभरात ल्युसील, तिघंही गिलोटिनवर, म्हणजे मुंडकं उडवायच्या यंत्रावर, गेले होते.

दुसरी वही एका म्हाताऱ्या गृहस्थाची, सेलेस्तँ गितार द फ्लोरिबाँ, पॅरिसमध्ये सँ-सुल्पिस चर्चच्या शेजारी राहणारा, व्याजाच्या उत्पन्नावर जगणारा. त्याची १७९१ ते १७९६ ची डायरी १९७४ ला छापली. रोजची हवा, तब्येत, येणी, आणि त्याच पानावर आज गिलोटिनवर किती गेले. दहशतीच्या काळाबद्दल वाचताना आपल्याला वाटतं की सगळं शहर दिवसरात्र भीतीनं गोठलं असेल. ह्या माणसाचं आयुष्य चालू आहे. थंडी आहे, पैसे येणं आहे, शेकडो माणसं मरतायत. हे वाचून दहशत सौम्य वाटत नाही हो, उलट ती इतकी रोजची होऊ शकते हे कळल्यावर जास्त भयंकर वाटते.

मेनेत्राबद्दल थोडक्यात सांगते, त्याच्यावर वेगळं लिहायचंय. जाक-लुई मेनेत्रा, पॅरिसमधला काचकाम करणारा कारागीर. त्याची हस्तलिखित वही दानिएल रोश ह्या इतिहासकारानं १९८२ मध्ये छापली, आणि ती अशी की पानंच्या पानं विरामचिन्ह म्हणून नाही, बोलल्यासारखं सलग लिहीत गेलाय. तोवर पॅरिसच्या कष्टकऱ्यांचं, सां-क्युलोतांचं चित्र बनत होतं ते पोलिसांचे रिपोर्ट, विभागीय समित्यांची कागदपत्रं आणि पुढाऱ्यांची भाषणं ह्यांवरून, म्हणजे दुसऱ्यांनी त्यांच्याबद्दल लिहिलेल्यावरून. इथे त्यांच्यातलाच एक स्वतः बोलतोय, फुशारक्या मारतोय, भांडतोय, मित्रांची नावं घेतोय. तो सगळ्या कष्टकऱ्यांचा प्रतिनिधी आहे असं कुणी म्हणत नाही. पण 'जनसमुदाय' ह्या एका शब्दात आपण ज्यांना कोंबतो त्यातलं एक माणूस तरी वेगळं उभं राहिलं.

प्रश्न : जुनी डायरी सापडली अशी बातमी आली की मला आधी शंकाच येते. खोटी नाही हे कसं ठरवतात?

उत्तर : शंका हवीच. फ्रेंच क्रांतीत तर हा धंदाच झाला होता. राजाचा शिरच्छेद करणारा जल्लाद सॅन्सन, त्याच्या नावावर १८३० च्या आसपास आठवणी बाजारात आल्या आणि त्या लिहिण्यात पुढे मोठा कादंबरीकार झालेल्या तरुण बाल्झाकचा हात होता. १८६२ ला त्या जल्लादाच्या नातवाच्या नावानं पुन्हा आठवणी निघाल्या, त्यात आजोबांची दहशतीच्या काळातली म्हणून एक डायरीही घातली, आणि त्यावर इतिहासकार भरवसा ठेवत नाहीत. रशियात १९२७-२८ ला झारीणच्या मैत्रिणीची, आना व्हिरुबोवाची डायरी म्हणून एक मजकूर छापून आला, झारच्या दरबारात वजन असलेल्या रास्पुतिन ह्या बाबाच्या भानगडींसकट. तोही बनावट निघाला.

तपासणी कागदापासून सुरू होते, कागद कुठल्या गिरणीचा, वॉटरमार्क काय, शाई कुठली, त्याच माणसाचं दुसरीकडचं अक्षर जुळतं का. मग वही इतकी वर्षं कुणाकडे होती ही साखळी, आणि तीच बहुतेक वेळा तुटलेली असते. पण मला सगळ्यात आवडते ती मजकुराची तपासणी. क्रांतीनं नवं कॅलेंडर आणलं त्यातली थर्मिदोर, ब्रुमेर वगैरे महिन्यांची नावं ठरली ती १७९३ च्या ऑक्टोबरमध्ये, त्यामुळे १७९३ च्या उन्हाळ्यात लिहिलेल्या पानावर थर्मिदोर आला तर ते पान तेव्हाचं नाही, विषय संपला. तसंच हवेचं. पॅरिसच्या वेधशाळेत त्या काळीही हवामानाच्या नोंदी होत होत्या, गितारसारखा माणूस रोजची हवा लिहितो तेव्हा ती मिळवून बघता येते. आणि एक साधी खूण, खोट्या डायरीत लिहिणारा नेहमी मोठ्या प्रसंगी नेमका हजर असतो आणि त्याचे अंदाज खरे ठरतात. खऱ्या डायरीवाल्याला त्या दिवशी दाढ दुखत असते.

प्रश्न : डायरी खरी असली तरी घरचे लोक छापताना नको ते गाळतातच ना? मग आपण वाचतो ते कितपत खरं? आणि मला इंग्रजी येतं, फ्रेंच येत नाही, तर सुरुवात कुठून करू?

उत्तर : गाळतात, आणि दोन्ही प्रश्नांचं उत्तर एकाच वहीत आहे म्हणून बरं झालं. गुव्हर्नूर मॉरिस (गुव्हर्नूर हे त्याचं नावच आहे, पद नाही) हा अमेरिकन माणूस १७८९ च्या सुरुवातीला धंद्यासाठी पॅरिसला आला, पुढे १७९२ ते १७९४ अमेरिकेचा तिथला राजदूत झाला. १ मार्च १७८९ पासून त्यानं रोजची डायरी लिहिली. जुलैमध्ये तो रस्त्यात उभा असताना समोरून लोक फुलोँ नावाच्या मंत्र्याचं भाल्यावर खोचलेलं मुंडकं नेतात आणि मागून त्याचं नागडं धड फरफटत नेतात, हे त्यानं त्याच दिवशी लिहिलंय. १८८८ मध्ये त्याच्या नातीनं ही डायरी छापली तेव्हा आजोबांच्या खासगी भानगडी सोवळ्या करून टाकल्या. १९३९ ला पणतीनं जी दोन खंडांची आवृत्ती काढली तीत बरंचसं परत आलं.

आता तुम्ही म्हणाल की त्याच्या प्रेमप्रकरणांशी क्रांतीचा काय संबंध. फार संबंध आहे. मादाम द फ्लाओ ही बाई, जिच्याशी मॉरिसचं प्रकरण होतं, ती त्याच काळात तालेरांचीही मैत्रीण होती, आणि तालेरां म्हणजे चर्चची मालमत्ता राष्ट्राच्या ताब्यात द्या असा ठराव आणणारा बिशप. तिच्या दिवाणखान्यात मंत्रिमंडळं कशी बनवायची ह्यावर खलबतं चालायची. नातीनं लाजेपोटी पानं सोवळी केली आणि त्याबरोबर राजकारण कुठे बसून होत होतं तेही पुसट झालं. बायकांच्या दिवाणखान्यांचा भाग कितीतरी इतिहासांतून असाच गळालाय, आणि मला त्याचा मनापासून राग येतो.

त्यामुळे १९३९ चीच आवृत्ती मिळवा, १८८८ ची नको, आणि जुलै ते ऑक्टोबर १७८९ एवढेच महिने आधी वाचा. शेजारी त्याच तारखांच्या लुईच्या नोंदी ठेवा, त्या इतक्या त्रोटक आहेत की फ्रेंच न येताही डिक्शनरी घेऊन जमतील. मॉरिस राजेशाहीच्या बाजूचा होता, श्रीमंत होता, पॅरिसच्या गर्दीची त्याला किळस यायची, हे लक्षात ठेवून वाचा, आणि अडलं तर कळवा.